कोंड्याचं शहर

मिनियापोलिसमधून मिसिसिपी वाहते आणि शहराच्या ऐन मध्यावर सेंट अँथनीचा धबधबा आहे. आता त्याला काँक्रीटची उतरण बांधलेली आहे, पाणी तिच्यावरून घसरत जातं. १८८० ते १९३० या काळात या पाण्याच्या जोरावर दोन्ही काठांच्या गिरण्यांनी जेवढं गव्हाचं पीठ दळलं, तेवढं अमेरिकेतल्या दुसऱ्या कुठल्याही शहराने दळलं नाही. मी घरी ओट्स आणि कोंड्याचे बार भाजते. त्यामुळे माझ्या लेखी या शहराचा इतिहास म्हणजे पिठातून काढलेल्या कोंड्याचा इतिहास. तो इथेच मोठ्या प्रमाणावर वेगळा काढला गेला आणि पुढे वेष्टनातला बार इथूनच दुकानांत गेला.

माझ्या वडिलांची, आप्पांची, सातारा जिल्ह्यात पिठाची गिरणी होती. दगडाची, पट्ट्यावर चालणारी. दगड गुळगुळीत झाले की आप्पा ते खोलून छिन्नीने टाकी मारत बसायचे. टाकी ताजी असली की पीठ थंड उतरतं आणि दगड बोथट झाले की तापतं, हे त्यांचं ठरलेलं वाक्य. अशा गिरणीत गव्हाचा दाणा सगळाच्या सगळा भरडला जातो: वरचं साल, टोकाचा अंकुर, आतला पांढरा गाभा. साल बारीक होऊन पिठातच मिसळतं. घरी चाळणीवर जो जाडसर कोंडा राहतो तेवढाच गाईच्या आंबोणात जातो, बाकीचा पोळीत राहतोच.

मिनियापोलिस ज्या राज्यात आहे त्या मिनेसोटाच्या गिरणीवाल्यांना नेमकं हेच नको होतं. इथे थंडी कडाक्याची, म्हणून गहू वसंतात पेरतात. त्याचा दाणा टणक आणि साल ठिसूळ. दगडाखाली सालीचा चुरा व्हायचा आणि पीठ काळपट, ठिपक्याठिपक्यांचं उतरायचं. दक्षिणेकडच्या हिवाळी गव्हाच्या पांढऱ्या पिठापुढे त्याला भाव मिळत नसे. १८७१ च्या सुमारास कॅडवॉलाडर वॉशबर्न यांच्या गिरणीत एडमंड लाक्रुआ या कारागिराने एक यंत्र बसवलं. हलत्या चाळण्या आणि खालून हवेचा झोत. भरड चाळण्यांवर नाचत राहायची, हलका कोंडा हवेने बाजूला उडायचा आणि जड गाभा खाली पडायचा. खळ्यावर वारा बघून धान्य उपणतात, तेच तत्त्व पेटीत बसवलेलं. टणक गव्हाचं पीठ पांढरं निघू लागलं आणि त्यात चिकटपणा जास्त असल्याने पावही चांगला फुगू लागला. भाव फिरले.

पण त्यामुळे गिरणीत पिठाची धूळ फार उडायला लागली. २ मे १८७८ च्या संध्याकाळी वॉशबर्नची ‘ए’ गिरणी त्या धुळीने पेट घेऊन उडाली. शेजारच्या गिरण्याही गेल्या. अठरा माणसं मेली. दिवसपाळी नुकतीच सुटली होती, नाहीतर आकडा कितीतरी वाढला असता. आप्पा गिरणीच्या उंबऱ्याच्या आत कुणाला विडी पेटवू देत नसत. पाटील असो की पाहुणा, बाहेर विझवून मगच आत यायचं. कारण त्यांनी कधी सांगितलं नाही. हवेत तरंगणारं पीठ स्फोटकासारखं पेटतं, हे मला त्याच ‘ए’ गिरणीच्या भग्न भिंतींत २००३ साली उघडलेल्या मिल सिटी म्युझियममध्ये समजलं आणि आप्पांचा तो करडा आवाज आठवला.

गिरणी पुन्हा बांधली ती आणखी मोठी, आणि नव्या पद्धतीची. बुडापेस्टच्या गिरण्यांत तोवर दगडांची जागा रुळांनी घेतली होती. तिथले मालक परक्याला यंत्रं पाहू देत नसत. वॉशबर्न यांचे इंजिनियर विल्यम द ला बार यांनी युरोपात जाऊन ती पद्धत गुपचूप पाहून घेतली. रुळांच्या जोड्या दाणा एका दमात भरडत नाहीत, टप्प्याटप्प्याने उघडत नेतात. साल रुंद पापुद्र्यांनी सुटतं. अंकुरात तेल असतं, त्यामुळे तो पिचून चपटा होतो आणि चाळणीवर अडकतो. तेल गेलं म्हणजे पीठ खवट होण्याचं कारण गेलं. मग ते महिनोन्‌महिने टिकू लागलं आणि आगगाडीने, जहाजाने लांबलांबच्या बाजारांत जाऊ लागलं. १८८० मध्ये सिनसिनाटीला गिरणीवाल्यांचं आंतरराष्ट्रीय प्रदर्शन भरलं, तिथे वॉशबर्नच्या पिठाला सुवर्णपदक मिळालं. ‘गोल्ड मेडल’ हे नाव आजही इथल्या पिठाच्या पिशवीवर आहे.

१०० ग्रॅम कोंड्यात ४० ग्रॅमच्या वर तंतू असतात, मैद्यात जेमतेम तीन. लोहाचा आणि ब जीवनसत्त्वांचा मोठा वाटाही साल-अंकुरातच असतो. हे सगळं पोत्यांत भरून गुरांच्या खाद्यासाठी जाऊ लागलं. गिरणीवाल्यांनी लोकांना फसवलं असं मात्र मी म्हणणार नाही. पांढऱ्या पिठाची ओढ फार जुनी. पूर्वी ते श्रीमंतांनाच परवडे, रुळांनी ते सगळ्यांच्या आवाक्यात आणलं, आणि लोकांनी ते हौसेने घेतलं. आमच्या गिरणीतही तेच चाले. ज्याच्या घरी चार पैसे आले तो आधी ज्वारीवरून गव्हावर जायचा आणि मग दळण आणखी बारीक मागायचा. १९७२ च्या दुष्काळात रेशनवर अमेरिकेतून आलेली लाल मिलो ज्वारी मिळाली. तिचं दळण घेऊन येणाऱ्या बायका पिशवी पदराआड धरून रांगेत उभ्या राहायच्या. भरड खाणं तेव्हा हौस नव्हती, नाइलाज होता. त्या रांगेतले चेहरे मी पाहिलेत, म्हणून ‘जाडंभरडं खा, निरोगी राहा’ हा उपदेश माझ्या तोंडून सहज निघत नाही.

तो उपदेश अमेरिकेत रुळांच्याही आधीपासून चालू होता. धर्मोपदेशक सिल्व्हेस्टर ग्रॅहॅम यांनी १८३७ मध्ये पावावर पुस्तकच लिहिलं: पीठ न चाळलेलं हवं आणि पाव घरच्या बाईने भाजलेला हवा. बॉस्टनचे बेकर खवळून त्यांच्या सभेवर चालून गेले. १८६३ मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या डॅन्सव्हिलच्या आरोग्यधामात डॉ. जेम्स कॅलेब जॅक्सन यांनी ग्रॅहॅम पिठाचे पातळ थर भाजून, फोडून, पुन्हा भाजून कडक भरड केली. ती रात्रभर दुधात भिजवल्याशिवाय चावता येत नसे. मिशिगनमधल्या बॅटल क्रीकच्या डॉ. जॉन हार्वी केलॉग यांनी तसाच पदार्थ ओट्स, गहू आणि मक्याचा केला आणि नावही तेच ठेवलं. जॅक्सन यांच्याशी वाद झाला तेव्हा नावातलं एक अक्षर बदललं, आणि तोच ग्रॅनोला. आतड्यांच्या बाबतीत केलॉग काळाच्या पुढे होते. माणसांच्या वंशशुद्धीच्या त्यांच्या कल्पना मात्र भयानक होत्या, आणि ग्रॅनोलाचं कौतुक करताना ते विसरू नये.

मिनियापोलिसला कोंडा ताटात परतला तो सांडण्यातून. १९२१ मध्ये इथल्या एका आरोग्यतज्ज्ञाच्या हातून रुग्णांसाठी शिजवलेली कोंड्याची पेज तापल्या शेगडीवर सांडली आणि तिचे कुरकुरीत पापुद्रे झाले, अशी हकिगत वॉशबर्न यांची कंपनी सांगत आली आहे. तिने, म्हणजे तेव्हाच्या वॉशबर्न-क्रॉस्बीने, त्यावरून गव्हाचे फ्लेक्स काढले, तेच १९२४ चे ‘व्हीटीज’. १९२८ मध्ये ही कंपनी इतर गिरण्यांसह ‘जनरल मिल्स’ झाली. समोरच्या काठावरची पिल्सबरी ही गिरणी कंपनीही मागे नव्हती. अंतराळवीरांसाठी अन्न तयार करण्याच्या अनुभवावरून १९७० च्या सुमारास तिने ‘स्पेस फूड स्टिक्स’ बाजारात आणल्या, बोटाएवढ्या, चघळायच्या कांड्या. त्यांत कोंड्याचं नाव नव्हतं. पण खिशातून काढून वेष्टन फाडून चालता चालता खायची सवय अशाच वस्तूंनी लावली.

याच सुमारास डॉक्टरांचं मत पालटत होतं. ब्रिटिश नौदलाचे डॉक्टर क्लीव्ह यांनी दुसऱ्या महायुद्धात ‘किंग जॉर्ज पंचम’ युद्धनौकेवर ताज्या भाजीची टंचाई असताना खलाशांना कच्चा कोंडा चारून त्यांचा बद्धकोष्ठ घालवला होता. युगांडात वर्षानुवर्षं शस्त्रक्रिया केलेले आयरिश सर्जन डेनिस बर्किट यांच्या ध्यानात आलं की इंग्लंडच्या इस्पितळांत रोज दिसणारे आतड्यांचे आजार तिथल्या खेड्यांत जवळपास नाहीतच. १९७२ मध्ये त्यांनी सहकाऱ्यांबरोबर मोजमापं छापली: खेड्यातल्या युगांडावासीयांचं अन्न ब्रिटिशांच्या निम्म्याहून कमी वेळात पोटातून पार होत होतं आणि मल चौपट भरत होता. एवढ्या मोठ्या सर्जनने मलाची वजनं घेत हिंडावं याची काहींनी थट्टा केली. मला त्यांच्याविषयी अतोनात आदर वाटतो.

मग १९७५ उजाडलं. शहराच्या वेस्ट बँक भागात पाचेक वर्षांपूर्वी तरुण मुलांनी एका घराच्या मागच्या ओसरीवर धान्याची सहकारी विक्री सुरू केली होती. सबंध गहू, ओट्स, डाळी, कोंडा पिंपांत ठेवलेले, आपलं आपण भरून घ्यायचं. तिथून अशी दुकानं शहरभर झाली. त्यांच्यातल्याच एका डाव्या गटाने सवाल केला की हे खाणं शिकल्यासवरल्या गोऱ्यांचं आहे, कामगाराला डबाबंद भाजी, साखर आणि स्वस्त पीठ लागतं, तेच ठेवा. मे महिन्यात त्या गटाची माणसं लोखंडी नळ्या घेऊन आली आणि त्यांनी या दुकानांचं सामायिक गोदाम ताब्यात घेतलं. पुढे मारामाऱ्या झाल्या, एका दुकानाच्या व्यवस्थापकाचा ट्रकही जाळला गेला. शेवटी बहुतेक दुकानांनी वेगळं गोदाम काढलं आणि कोंडा टिकला. मी ज्या दुकानाची सभासद आहे तिथल्या एक वृद्ध बाई हे सांगताना अजून रागाने लाल होतात. नळ्या हाती घेणाऱ्यांचं समर्थन मीही करणार नाही. पण त्यांचा सवाल मला मिलोच्या रांगेपाशी नेतो, आणि तो चुकीचा होता असं मला म्हणवत नाही.

त्याच वर्षी, त्याच शहराला लागून असलेल्या गोल्डन व्हॅली या उपनगरातल्या जनरल मिल्सने ‘नेचर व्हॅली’चा ग्रॅनोला बार बाजारात आणला. पिंपातल्या ग्रॅनोलाला मध आणि साखर लावून त्याच्या कांड्या केल्या आणि हिरव्या डोंगराच्या चित्रात गुंडाळल्या. कोंडा काढून मोठं झालेलं हेच घराणं. पुढे असे बार निघतच राहिले. पुष्कळांत चॉकलेट आलं, पाक वाढला, आणि तंतूंचा आकडा चढवायला चिकोरीच्या मुळाचा अर्क आला. वेष्टन उलटून घटकांची यादी वाचली की साखर दोन-तीन वेगवेगळ्या नावांनी भेटते. गोड खायला माझी हरकत नाही. पण त्याला आरोग्याचं नाव देऊन मुलांच्या डब्यात घालायला लावणं मला राग आणतं.

म्हणून बार घरी भाजायचा. दोन वाट्या ओट्स आणि एक वाटी कोंडा कोरडाच परतायचा, खमंग वास सुटेपर्यंत. इथल्या पिंपातला कोंडा रुळांचा असतो, नखाएवढे रुंद पापुद्रे. आप्पांच्या गिरणीतला असा कधी दिसला नाही. वाटीभर खजूर गरम पाण्यात भिजवून वाटायचा. कोंडा पाणी ओढून घेतो, म्हणून त्या वाटणात तो आधी दहा-पंधरा मिनिटं मुरू द्यायचा. हे टाळलं की भाजताना तो ओलावा खातो आणि वड्यांचा ताटातच भुगा होतो. मग ओट्स, अर्धी वाटी जवस आणि तीळ, मूठभर शेंगदाण्याचं कूट, मीठ आणि गुळाचा घट्ट पाक, तोही बांधण्यापुरताच. ३२५ डिग्री फॅरनहाइटला कडा तांबूस होईपर्यंत भाजायचं आणि गरम असतानाच खूण करून पुरतं गार झाल्यावर वड्या पाडायच्या. सोळा वड्या होतात, एकीत साधारण चार ग्रॅम तंतू पडतात. पहिल्यांदा खाणाऱ्याच्या हातात डबा देण्याआधी मी सांगते: वर पेलाभर पाणी पी आणि सुरुवातीला दिवसाला एकच खा. पाणी मिळालं नाही तर हाच कोंडा पोट अडवतो.