कानांनीं पाहिलेले सामने

खेळ ही पाहण्याची वस्तु आहे, ऐकण्याची नव्हे, असें कोणी म्हणाल्यास त्यास सकृद्दर्शनीं विरोध करतां येणार नाहीं. तथापि आमच्या परभणी जिल्ह्याची गोष्ट निराळी. पूर्णा जंक्शनावरून गाडी धरून मुंबईस जावें आणि ब्रेबोर्न स्टेडियममध्यें बसून सामना पाहावा, हें भाग्य येथें फारच थोड्यांस लाभलें. असें असूनहि मानवतच्या कापसाच्या बाजारांत, जिंतुरास एस्. टी.च्या थांब्यावर, गंगाखेडास गोदेच्या कांठीं, पानाच्या दुकानांत ठेवलेल्या ट्रान्झिस्टरभोंवतीं माणसें उभीं राहत, आणि नवा येणारा इसम कोण खेळतो आहे हें न विचारतां "किती झाले?" एवढेंच विचारी. ज्यांनीं मैदान कधीं पाहिलें नाहीं अशा माणसांस तें मैदान इतकें परिचयाचें कसें झालें, ह्याचा थोडा इतिहास आज सांगावयाचा आहे.

ह्या प्रथेचा मोठा उगम अमेरिकेंत आहे. तेथील बेसबॉल हा आपल्या क्रिकेटचा दूरचा भाऊबंद. ५ ऑगस्ट १९२१ रोजीं पिट्सबर्ग येथील केडीकेए ह्या केंद्रावरून हॅरॉल्ड आर्लिन ह्या गृहस्थानें पायरेट्स व फिलीज ह्या दोन संघांचा सामना घरबसल्या लोकांस ऐकविला. पुढें दूरच्या शहरांतील केंद्रांनीं एक युक्ति काढली. वर्णन करणारा मैदानावर जाईचना. तारेनें आलेल्या दोनचार तुटक शब्दांवरून तो आपल्या खोलींत बसून सारा सामना उभा करी. पुढें अमेरिकेचे अध्यक्ष झालेले रोनाल्ड रेगन हे तरुणपणीं डे मॉइन शहरीं हाच व्यवसाय करीत. एके दिवशीं ऐन रंगांत तार बंद पडली. तेव्हां तार पुन्हां सुरू होईपर्यंत आपण त्या खेळाडूस चेंडूमागून चेंडू हद्दीबाहेर मारावयास लावीत राहिलों, असें त्यांनींच पुढें अनेकदां हंसत सांगितलें. १९३८ सालीं इंग्लंडांत चाललेले कसोटी सामने ऑस्ट्रेलियांतील श्रोत्यांस असेच तारांवरून ऐकविण्यांत आले; बॅटीचा आवाज हवा म्हणून लांकडावर पेन्सिल आपटीत. अशा प्रसंगीं संजयाचा दृष्टांत देण्याचा आपल्याकडे परिपाठ आहे; परंतु संजयास दिव्य दृष्टि होती आणि ह्यांच्यापाशीं केवळ तारेचा कागद होता, हा भेद विसरूं नये. ह्याला लबाडी म्हणावें काय? माझें मत तसें नाहीं. कीर्तनकार कुरुक्षेत्र पाहून आलेला नसतो. तरी बाण सुटतो तेव्हां पुढें बसलेला शेतकरी मान बाजूस घेतोच.

मैदानांच्या मालकांस मात्र ह्या नव्या यंत्राची धास्ती वाटत होती. घरीं फुकट ऐकावयास मिळाल्यावर तिकीट काढून कोण येणार, हा त्यांचा प्रश्न. न्यूयॉर्क शहरांतील तिन्ही संघांनीं संगनमत करून १९३४ पासून १९३८ पर्यंत रेडिओस आपल्या मैदानांची दारें बंद ठेविलीं. १९३९ सालीं ब्रुकलिन संघाचे लॅरी मॅकफेल ह्यांनीं तो करार मोडून रेड बार्बर ह्या निवेदकास बोलाविलें. त्याच वर्षीं २६ ऑगस्ट रोजीं ब्रुकलिनच्या मैदानावरून असा सामना प्रथम दूरचित्रवाणीवर दिसला, आणि तेथेंहि आवाज बार्बर ह्यांचाच होता.

इंग्लंडांत क्रिकेटचें पहिलें धांवतें वर्णन १४ मे १९२७ रोजीं लेटन येथून झालें; सांगणारे गिलिंगहॅम हे एक धर्मोपदेशक होते. त्यानंतर अवघ्या दोन महिन्यांनीं, २३ जुलै १९२७ रोजीं, मुंबईचें ध्वनिक्षेपण केंद्र लॉर्ड आयर्विन ह्यांच्या हस्तें सुरू झालें. ती कंपनी तीन वर्षांत बुडाली आणि सरकारनें तो कारभार आपल्याकडे घेतला. १९३४ सालीं ह्या मुंबईच्या केंद्रावरून ए. एफ्. एस्. तल्यारखान, ज्यांस सारी मुंबई 'बॉबी' म्हणून ओळखी, हे चौरंगी सामन्यांचें वर्णन इंग्रजींत करूं लागले. सकाळपासून संध्याकाळपर्यंत हा एकटा मनुष्य बोले. दुसऱ्यास ध्वनिवर्धकाजवळ येऊं देणें त्यांस खपत नसे. आणि १९४८–४९ मध्यें वेस्ट इंडीजचा संघ आला असतां तिघांनीं मिळून बोलावें असें ठरलें, तेव्हां त्यांनीं तें काम सोडून दिलें. ह्यांत अहंकार होता हें उघड आहे. परंतु एका आवाजांत दिवसभराचा सामना ऐकण्याची जी गोडी होती ती पुढें पाळीपाळीनें बोलण्याच्या पद्धतींत राहिली नाहीं, असें त्या काळचे श्रोते सांगत.

त्या सामन्यांची एक बाजू मात्र मनास टोंचणारी आहे. संघ होते ते युरोपियन, पारशी, हिंदु व मुसलमान असे धर्मवार. १९३७ पासून इतरांचा पांचवा संघ आला. देश दुभंगण्याच्या वाटेवर असतां एका धर्माचा गडी दुसऱ्या धर्माच्या गड्यास बाद करतो, ही वार्ता रेडिओ घरोघर नेत होता. १९४० सालीं महात्मा गांधींनीं ह्या प्रकाराविरुद्ध स्पष्ट मत दिलें. ज्यांच्या आवाजानें हे सामने गाजले ते तल्यारखानहि पुढें त्यांच्या विरुद्धच लिहूं लागले. १९४६ नंतर हे सामने झाले नाहींत.

आमच्या मराठवाड्यांत तेव्हां निजामाचें राज्य होतें. हैदराबादचें केंद्र निजाम सरकारनें १९३५ सालीं ताब्यांत घेतलें. औरंगाबादेसहि एक केंद्र होतें. शाळेची व कचेरीची भाषा उर्दू. मराठी ती घरची व देवळांतली. १७ सप्टेंबर १९४८ नंतर तें राज्य गेलें, आणि १९५० सालीं हीं दोन्ही केंद्रें आकाशवाणीकडे आलीं. २ ऑक्टोबर १९५३ रोजीं पुण्याचें केंद्र निघालें आणि महाराष्ट्र राज्य झाल्यावर परभणीसहि स्वतःचें केंद्र लाभलें. हा केवळ यंत्रांचा इतिहास नव्हे. ज्या भाषेस दरबारांत जागा नव्हती तिला आतां मैदानावरून बोलावयाचें होतें.

तें काम पुण्याचे बाळ ज. पंडित ह्यांनीं अंगावर घेतलें. ते स्वतः महाराष्ट्राच्या संघांतून खेळलेले. त्यामुळें चेंडू पडण्यापूर्वीच तो कोठें जाणार हें त्यांच्या स्वरावरून कळे. वि. वि. करमरकर ह्यांच्यासारखे क्रीडालेखकहि पुढें ह्या कामीं आले. ह्या मंडळींनीं मराठी श्रोत्यांच्या कानीं जे शब्द घातले त्यांची घडण पाहण्यासारखी आहे. 'गोलंदाज' हा मूळचा तोफ डागणारा. मराठेशाहीच्या कागदांत तो जागोजाग भेटतो आणि फारसी-उर्दू जाणणाऱ्या परभणीकरास तर त्याचा अर्थ सांगावयासच नको. त्याच्या जोडीस 'फलंदाज' बसविला. 'पायचीत' व 'यष्टिचीत' ह्यांतील 'चीत' आखाड्यांतून उचललेला आहे. जत्रेंतल्या कुस्त्या पाहणाऱ्यास तो चटकन् पटतो. तीन यष्ट्या उडाल्या म्हणजे 'त्रिफळा', ह्यांत हिरडा, बेहडा व आंवळा ह्यांची आठवण होऊन म्हाताऱ्यांसहि हंसूं येई. 'षटक' हा शब्द मात्र थोडा फसवा निघाला. ऑस्ट्रेलियांत १९७९ पर्यंत आठ चेंडूंचें षटक टाकीत. म्हणजे व्याकरणानें पाहतां तें 'अष्टक' म्हणावयास हवें होतें! तें कोणी म्हटलें नाहीं, हें बरेंच झालें. 'स्लिप' आणि 'गली' इंग्रजीच राहिल्या, आणि त्यांचेंहि कोणास कांहीं वाटलें नाहीं. जो शब्द चेंडू जमिनीवर येण्याच्या आंत उच्चारतां येईल तोच टिकतो. ही परीक्षा कोशकारांच्या परीक्षेहून कठीण आहे.

दूरदर्शन मुंबईस २ ऑक्टोबर १९७२ रोजीं आलें. १९८२ च्या आशियाई खेळांनंतर प्रक्षेपक गांवोगांव उभे राहूं लागले, तेव्हां परभणीकरांसहि मैदान डोळ्यांनीं दिसूं लागलें आणि पानाच्या दुकानापुढील गर्दी पांगली. मग न्यूयॉर्कचा तो जुना प्रश्न नव्या वेषांत आपल्याकडे अवतरला. खेळाचें चित्र आणि आवाज कोणाच्या मालकीचे? १९९३ सालच्या हिरो चषकाच्या वेळीं क्रिकेट संघटनेनें परदेशी कंपनीशीं करार केल्यावरून वाद सर्वोच्च न्यायालयांत गेला. ९ फेब्रुवारी १९९५ रोजीं न्या. पी. बी. सावंत व त्यांच्या सहकाऱ्यांनीं निर्णय दिला, कीं ह्या लहरी सार्वजनिक मालमत्ता आहेत; सरकारची त्यांवर मक्तेदारी नाहीं, आणि त्यांचा वापर लोकहितासाठीं नियमांत राहूनच झाला पाहिजे. २००७ सालीं कायदा होऊन राष्ट्रीय महत्त्वाच्या सामन्यांचें प्रक्षेपण प्रसार भारतीस देणें खासगी वाहिन्यांवर बंधनकारक झालें. म्हणजे ज्याच्यापाशीं पैसे नाहींत त्याचाहि "किती झाले?" विचारण्याचा हक्क कायद्यांत लिहिला गेला. मॅकफेलनें जें धंद्याच्या हिशेबानें केलें तें येथें न्यायालयास करावें लागलें.

एक प्रसंग सांगावयाचा राहिला. १८ जून १९८३ रोजीं इंग्लंडांत टनब्रिज वेल्स येथें झिंबाब्वेविरुद्ध आपले पांच गडी १७ धांवांत बाद झाले असतां कपिल देव ह्यांनीं नाबाद १७५ धांवा केल्या आणि आपली धांवसंख्या २६६ वर नेली. भारतानें तो सामना जिंकला आणि एका आठवड्यानें विश्वचषकहि. त्या दिवशीं तेथें दूरचित्रवाणीचा कॅमेरा नव्हता, आणि ह्या डावाची चित्रफीत कोठेंहि उपलब्ध नाहीं. तरी परभणीच्या कोणत्याहि कट्ट्यावर तो विषय काढून पाहावा. जो तो सांगूं लागतो, कपिल कसा उभा होता आणि चेंडू कोणत्या अंगास गेला तें.