क्रियापदांची वाटचाल

पिंपरी-चिंचवडच्या किंवा चाकणच्या एखाद्या कारखान्याच्या फाटकाशी पाळी सुटण्याच्या वेळी उभे राहा. महिन्याचा पहिला आठवडा असेल, तर एक प्रश्न हमखास कानावर येईल : “पगार झाला का?” हा ‘पगार’ शब्द पोर्तुगीज आहे. गंमत अशी की, त्या भाषेत ते नाम नसून क्रियापद आहे. पगार म्हणजे पैसे चुकते करणे. त्याचे मूळ लॅटिन ‘पाकारे’, म्हणजे शांत करणे. धनकोचे समाधान झाले की देणे फिटले, अशा वाटेने अर्थ सरकत गेला. १५१० मध्ये गोव्यात आणि १५३४ मध्ये वसईला पोर्तुगीजांचा अंमल बसला. कोकणपट्टीवर रुळलेला हा शब्द पुढे घाट चढून वर आला. १७३९ साली चिमाजी अप्पांनी वसई घेतली. पोर्तुगीज गेले, पगार राहिला!

‘पाकारे’मधल्या क चा येथे ग झाला आहे. आपल्याकडे ‘सकल’चे ‘सगळा’ झाले तेही असेच. दोन स्वरांच्या मध्ये सापडलेला कठोर वर्ण बोलता बोलता मऊ पडतो. रोमन शिपाई आणि व्यापारी बोलत त्या लॅटिनमधून इटालियन, फ्रेंच, स्पॅनिश, पोर्तुगीज, रुमानियन या भाषा निपजल्या. त्यांना रोमान्स भाषा म्हणतात. संस्कृतच्या सोबतीने नांदणाऱ्या लोकबोलींतून महाराष्ट्री प्राकृत, तिच्यातून अपभ्रंश आणि पुढे मराठी, हा आपला वंशवृक्ष. झ्यूल ब्लॉक या फ्रेंच पंडिताने मराठीच्या घडणीवरचा आपला ग्रंथ १९२० साली पॅरिसमध्ये प्रसिद्ध केला. त्याची स्वतःची मातृभाषा लॅटिनची लेक होती.

या दोन्ही घराण्यांत खरी उलथापालथ झाली ती क्रियापदांची. प्रथम भविष्यकाळ घ्या. लॅटिनमध्ये ‘कांताबित’ म्हणजे तो गाईल आणि ‘कांतावित’ म्हणजे तो गायला. पुढे बोलण्यात ब आणि व एक झाले. गाणे व्हायचे आहे की होऊन गेले, ते कानाला कळेना! मग लोक म्हणू लागले ‘कांतारे हाबेत’, म्हणजे त्याला गायचे आहे. आपणही ‘उद्या मला मुंबईला जायचे आहे’ असे म्हणून भविष्यच सांगतो की नाही? हे दोन शब्द पुढे एकजीव झाले आणि स्पॅनिश ‘कांतारा’, फ्रेंच ‘शांतरा’ ही रूपे तयार झाली. ८४२ साली स्ट्रासबुर्ग येथे शार्लमेनच्या दोन नातवांनी परस्परांना शपथा दिल्या. त्यांतल्या रोमान्स भाषेतल्या शपथेत हा नवा भविष्यकाळ लिहिलेला सापडतो.

मराठीनेही संस्कृतचे ‘करिष्यति’ टाकून दिले. शेजारच्या गुजरातीने मात्र ते ‘करशे’ या रूपात जपले आहे. मराठीने आपला जुना वर्तमानकाळ ‘करी’ घेतला, त्याला ल जोडला आणि ‘करील’ बनवले. आणि त्या ‘करी’चे काय झाले? १२९० मधल्या ज्ञानेश्वरीत ‘करी’ म्हणजे करतो. आज ‘आजी दर एकादशीला आळंदीला जाई’ असे म्हटले, तर आजीची जुनी सवय डोळ्यांपुढे येते. वर्तमानकाळ सरकत सरकत भूतकाळात जाऊन बसला! त्याचा मूळ अर्थ म्हणींनी सांभाळला. ‘देव तारी त्याला कोण मारी’ यातले तारणे आणि मारणे आजचेच आहे.

आता भूतकाळ. संस्कृतात ‘अकरोत्’, ‘चकार’, ‘अकार्षीत्’ असे तीन-तीन भूतकाळ होते. प्राकृताने हे ओझे उतरवले आणि धातुसाधितावर काम भागवले. ‘तेन पत्रिका लिखिता’, म्हणजे त्याच्याकडून पत्रिका लिहिली गेली. त्याचेच आपण ‘त्याने पत्रिका लिहिली’ केले. म्हणून मराठीत लिहिणारा पुरुष असला, तरी क्रियापद पत्रिकेमागून चालते. श्रवणबेळगोळच्या शिलालेखाच्या काळाविषयी पंडितांत मतभेद आहेत. पण त्यातल्या ‘चावुण्डराजें करवियलें’ या शब्दांत हीच रचना आहे. लॅटिन लोकही ‘लिहिलेले पत्र माझ्यापाशी आहे’ अशा थाटाचे बोलू लागले होते. त्यातले ‘लिहिलेले’ पत्राच्या लिंगाप्रमाणे बदलत असे. स्पॅनिशने हा मेळ त्या रचनेत साफ सोडला. फ्रेंचने तो कर्म आधी आले तरच ठेवला, आणि तेथली शाळकरी मुले त्यापायी अजून लाल शेरे खातात.

लाल शेऱ्यावरून एक गोष्ट सांगतो. काही वर्षांपूर्वी माझ्या संध्याकाळच्या वर्गात कारखान्यात काम करणारा एक विद्यार्थी होता, लातूरकडचा. निबंध वाचताना तो म्हणाला, “मी रजेचा अर्ज केलो.” मी तेथल्या तेथे सुनावले, “केलो नव्हे, केला!” वर्ग हसला. मुलगा खाली बसला, आणि वर्षभर त्या वर्गात पुन्हा वाचायला उभा राहिला नाही.

चूक कोणाची होती? लातूर-सोलापूरकडच्या बोलींत ‘केलो’ चालते. शेजारच्या कानडीत क्रियापद कर्त्यामागूनच जाते. आणि आपली प्रमाण मराठी तरी कोठे सोवळी आहे? जुन्या मराठीत ‘तुवां केलें’ असे होते. आज आपण ‘तू केलेस’ म्हणतो. हा स कर्त्याचा आहे, कामाचा नव्हे. म्हणजे लातूरचा मुलगा ज्या वाटेने निघाला, त्याच वाटेवर व्याकरणाचे पुस्तकही अर्धे अंतर चालून गेले आहे.

रोमन पंतोजींची एक यादी ‘अपेंडिक्स प्रोबी’ या नावाने उरली आहे. तीत अशा २२७ दुरुस्त्या आहेत. आरशाला ‘स्पेकुलुम’ म्हणावे, ‘स्पेक्लुम’ म्हणू नये, असा तीत दंडक आहे. आज इटालियनमध्ये आरशाला ‘स्पेक्कियो’ म्हणतात. तो शब्द ‘स्पेक्लुम’चा वंशज आहे! पंतोजींची यादी आज आपण वाचतो ती लोक कसे बोलत होते हे कळावे म्हणून.

मग शुद्धलेखन सोडून द्यावे काय? मुळीच नाही. या पट्ट्यात मराठवाड्याचे, खानदेशाचे, विदर्भाचे, कोकणाचे लोक एका छपराखाली काम करतात. सर्वांना वाचता येईल अशी एक लेखी भाषा हवीच. रजेच्या अर्जात ‘अर्ज केला’ असेच लिहावे, आणि ते शिकवणे माझे कामच आहे. पण ते शिकवताना ‘तुझे चुकले’ असे न म्हणता ‘तुमच्याकडे असे बोलतात, लिहिताना आपण असे लिहू’ एवढे म्हणता आले असते. तेवढ्याने एक विद्यार्थी बोलता राहिला असता.