घाटवाली

आमच्या घरात रेल्वे तीन पिढ्यांची. आजा कर्जत-लोणावळा पट्ट्यात गँगमन, बाप पॉइंट्समन, मी कारकून. तरी या मार्गाचा इतिहास वाचायला मी निवृत्तीनंतरच बसलो, आणि वाचताना एक गोष्ट सलत राहिली.

१६ एप्रिल १८५३ची बोरीबंदर-ठाणे गाडी शाळेतल्या पोरालाही ठाऊक असते. तिचे कौतुक पुष्कळ झाले. पण ती सपाटीवरची एकवीस मैलांची धाव. डोंगर पुढेच उभा होता. १८५६त रूळ घाटाच्या पायथ्याशी आले. १८५८त वरच्या अंगाला खंडाळा-पुणे गाडी सुरू झाली. मधला घाट उतारूंनी पालखीतून नाहीतर बैलगाडीतून काढायचा. म्हणजे इंजिन थांबे तेथून माणसाचे खांदे सुरू होत. १८६०त गाडी सोलापूरला पोचली, तरी बोरघाट जोडलेला नव्हता.

पंधरा मैलांहून थोडी अधिक चढण, उंची १८३१ फूट, पंचवीस बोगदे. काही ठिकाणी सदतीस फुटांमागे एक फूट चढ. एका कड्यावर तर गाडी वळवायला जागाच नव्हती. तेथे रिव्हर्सिंग स्टेशन केले. गाडी थांबायची, इंजिन दुसऱ्या टोकाला लागायचे आणि उलट्या दिशेने चढण सुरू व्हायची. ही सारी आखणी जी. आय. पी. रेल्वेचे मुख्य इंजिनियर जेम्स बर्कली यांची. त्यांच्या बुद्धीविषयी माझी तक्रार नाही.

आखणी कागदावर होती. डोंगर मात्र पहारीने आणि सुरुंगाच्या दारूने फोडायचा होता. कड्यावर दोरांनी लोंबकळत माणसे भोके पाडीत. १८६१च्या सुमारास या घाटात ४२ हजारांवर मजूर होते. बायाही होत्या, पोरेही होती. पटकी आली की झोपड्याच्या झोपड्या रिकाम्या होत. मेलेल्यांचा आकडा इतिहासकार हजारांत सांगतात, तोही अंदाजाने.

यातला पैशाचा व्यवहार नीट पाहावा. कंपनीच्या भागधारकांना सरकारने पाच टक्के व्याजाची हमी दिली होती. ती भरायची येथल्या रयतेच्या महसुलातून! मजुराला हमी कोणाची? मजुरी कंत्राटदार, पोटकंत्राटदार, मुकादम अशा हातांतून गळत खाली यायची. १८५९च्या आरंभी मजुरांचा संयम सुटला आणि घाटात दंगल झाली. पुस्तकांत तिला ‘दंगा’ म्हणतात. थकलेली मजुरी मागणे हा दंगा असेल तर आमची सगळी चळवळच दंगा ठरेल.

त्याच वर्षी फॅव्हिएल या कंत्राटदाराने काम सोडले. त्याच्या जागी आलेला सॉलोमन ट्रेडवेल मुंबईत उतरल्यावर थोड्याच दिवसांत वारला. कंत्राट त्याची बायको ॲलिस हिने चालवले, दोन इंजिनियर हाताशी घेऊन. १८६३त गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या हजेरीत घाट खुला झाला. अलीकडे ॲलिसबाईंवर लेख येतात. यावेत, बाईचे नाव दीडशे वर्षे झाकून राहिले, हा अन्यायच. (चार वर्षांनी, १८६७त, घाटातला एक मोठा दगडी पूल कोसळला. उद्घाटनाच्या वर्णनांइतका तो कोणाला आठवत नाही.)

१८७१त हा मार्ग रायचूरला मद्रासच्या रुळांना मिळाला. १९२८त नवी वळणे काढून रिव्हर्सिंग स्टेशन बंद केले. तेव्हा आजा गँगमध्ये होता. त्याच वर्षी बाबासाहेबांनी मुंबई कायदेमंडळात महार वतनासंबंधीचे बिल मांडले. आजा म्हणायचा, वतनाच्या शिळ्या भाकरीपेक्षा गँगची रोख मजुरी बरी, निदान ती कोणाच्या दारात मागावी लागत नाही.

त्याची आजी या घाटातच गेली. नगरकडून नवऱ्याबरोबर आलेली, डोक्यावर पाटी, पाठीला पोर. ते पोर म्हणजे आज्याचा बाप. पटकीने एका दिवसात आटोपली. मी वडिलांना तिचे नाव विचारले, त्यांनी थोरल्या आत्याला विचारले. आत्या पुष्कळ वेळ आठवत बसली. मग म्हणाली, “घाटवालीच म्हणायचे रे तिला.”