एकाच सुरात अडतीस वर्षं

रात्री साडेआठला फिनलंडमध्ये कोणी कोणाला फोन करत नसे, असं माझे सासरे सांगतात. त्या वेळी शेजाऱ्याच्या दाराची बेल वाजवायची नाही, मुलांनी भांडायचं नाही, सौना तापवायची तर ती आधी किंवा नंतर. साडेआठला ‘यूले’ या सार्वजनिक प्रसारण संस्थेच्या मुख्य बातम्या लागायच्या, आणि कित्येकदा त्या द्यायला आर्वी लिंद समोर असायचे.

मी लग्न करून या घरात आले तेव्हा लिंद निवृत्त झालेले होते. त्यांना मी पाहिलं ते यूलेच्या जुन्या चित्रफितींमध्ये, आणि त्याहून जास्त घरातल्या वडीलधाऱ्यांच्या बोलण्यात. सासरचं गाव वाल्केआकोस्की, ताम्पेरेच्या दक्षिणेला, कागद गिरणीवर वाढलेलं. सासऱ्यांचा जन्म त्या गिरणीतल्या पाळ्यांमध्ये गेला. इथे सुना सासऱ्यांना सरळ नावाने हाक मारतात. मला ते कधी जमलं नाही. मुलं म्हणतात तसं मीही त्यांना ‘उक्की’ म्हणते आणि सासूबाईंना ‘मुम्मो’. दोघंही आजी-आजोबा झाल्यामुळे कोणालाच ते खटकत नाही.

बातम्यांची एवढी शिस्त कशासाठी, हे मी उक्कींना विचारलं होतं. उत्तर मुम्मोंनी दिलं, आणि ते टीव्हीच्या कितीतरी आधीचं होतं.

मुम्मोंचं माहेर कारेलियातलं, वीपुरी शहराजवळचं. ३० नोव्हेंबर १९३९ ला सोव्हिएत संघाने फिनलंडवर हल्ला केला. साडेतीन महिने कडाक्याच्या थंडीत युद्ध चाललं, आणि १३ मार्च १९४० च्या सकाळी अकराला तोफा थांबल्या. दुपारी बाराला परराष्ट्रमंत्री वाइनो तान्नेर यांनी रेडिओवरून तहाच्या अटी देशाला सांगितल्या. कारेलिया गेलं होतं. मुम्मोंच्या आईने ते भाषण एका अनोळखी कुटुंबाच्या स्वयंपाकघरात ऐकलं. घरावरची कौलं शाबूत होती, गोठ्याचं दार ती स्वतः लावून आली होती, आणि ते घर आता दुसऱ्या देशात गेलं आहे हे तिला एका आवाजाने सांगितलं. अशी चार लाखांहून अधिक माणसं उरलेल्या फिनलंडमध्ये नव्याने वसवली गेली. मुम्मो म्हणतात, त्यानंतर आई कुठलंही बातमीपत्र उभी राहूनच ऐकायची. त्या तान्ह्या होत्या. त्यांना आठवते ती पुढच्या काळातली, रेडिओसमोर उभी असलेली आई.

लिंद यांचा जन्म त्याच वर्षाचा, डिसेंबर १९४० मधला. एक युद्ध संपलेलं आणि दुसरं सहा महिन्यांवर आलेलं, अशा मधल्या काळात जन्मलेली ही पिढी. उक्कीही जवळपास त्यांच्याच वयाचे. म्हणून ते लिंद यांच्याबद्दल बोलतात तेव्हा त्यात वर्गमित्राबद्दलचा अभिमान असतो, भेट कधीही झालेली नसली तरी.

लिंद १९६५ मध्ये टीव्हीच्या बातम्यांवर आले. फिनलंडमध्ये नियमित दूरचित्रवाणी १९५८ पासूनची, म्हणजे माध्यम अजून कोवळं होतं. तंत्रशिक्षणाच्या विद्यार्थ्यांच्या धडपडीतून उभी राहिलेली ‘तेसविसिओ’ ही खाजगी वाहिनी यूलेने नुकतीच विकत घेतली होती आणि त्याच १९६५ मध्ये तिची यूलेची दुसरी वाहिनी झाली. ‘माइनोस-टीव्ही’ ही जाहिरातींवर चालणारी कंपनी यूलेकडून प्रक्षेपणाची वेळ भाड्याने घेत असे, पण स्वतःच्या बातम्या देण्याची मोकळीक तिला १९८१ पर्यंत मिळाली नाही. तोवर टीव्हीच्या पडद्यावर देशाच्या बातम्या सांगणारं दुसरं घर नव्हतं. त्या एकट्या घराचा हा चेहरा.

लिंद यांच्याबद्दल वडीलधाऱ्यांना विचारलं की पहिल्यांदा भाषाच निघते. नीटस, घासूनपुसून घेतलेली प्रमाण फिनिश. फिनिशमध्ये स्वर ऱ्हस्व की दीर्घ, व्यंजन एकेरी की दुहेरी, यावर अर्थ फिरतो, आणि लांबलचक सामासिक शब्दांत शेवटचं अक्षर गिळण्याची सवय सगळ्यांनाच असते. लिंद यांचं शेवटचं अक्षर पहिल्याइतकंच ठळक ऐकू येतं. परदेशी नेत्यांची, गावांची नावं ते तपासून घेतल्यासारखी उच्चारतात. मी फिनिश शिकत होते तेव्हा त्यांची जुनी बातमीपत्रं लावून बसायची. शब्द कळायचा नाही, पण तो कुठे सुरू झाला आणि कुठे संपला हे कळायचं. परक्या भाषेच्या दारात उभ्या असलेल्या माणसाला एवढा आधार पुष्कळ असतो.

पण नुसत्या स्वच्छ उच्चारांवर देश विश्वास ठेवत नाही. लिंद बातमीत स्वतःची भर घालत नसत. भुवई उंचावणं नाही, सुस्कारा नाही, दुःखाच्या बातमीला दुःखाचा आणि विजयाला विजयाचा वेगळा सूर नाही. ऐकणाऱ्याला काय वाटावं हे ते सुचवत नसत. ते घरोघरी बसलेल्या माणसांवर सोडून देत. मला ही फार मोठी सभ्यता वाटते. आज आपल्याकडच्या वाहिन्यांवर संध्याकाळी जो आरडाओरडा चालतो, त्यात नेमकी हीच जागा ऐकणाऱ्याकडून हिरावली गेली आहे, आणि त्याचं मला मनापासून वाईट वाटतं. आमच्या मिरजेच्या घरी आजोबा पुणे आकाशवाणीवर सुधा नरवणे यांच्या प्रादेशिक बातम्या ऐकत, पुढे आईवडिलांनी मुंबई दूरदर्शनवर प्रदीप भिडे यांना वर्षानुवर्षं ऐकलं. तोही असाच मोजका, माणसाला विचार करायला उसंत देणारा सूर होता. त्यामुळे उक्की लिंद यांचं वर्णन करतात तेव्हा मला ते परकं वाटत नाही.

या सुराची सगळ्यांत कठीण परीक्षा उक्कींच्या मते नव्वदच्या दशकात झाली. सोव्हिएत संघ कोसळला आणि त्याच्याशी असलेला फिनलंडचा व्यापार जवळजवळ एका फटक्यात थांबला. बँका अडचणीत आल्या. नोव्हेंबर १९९१ मध्ये मार्क्का या चलनाचं अवमूल्यन झालं आणि पुढच्या सप्टेंबरात ते मोकळं सोडावं लागलं. १९९० मध्ये तीन टक्क्यांच्या आसपास असलेली बेकारी १९९४ पर्यंत सोळा टक्क्यांवर गेली. उक्कींच्या धाकट्या भावाचं सुतारकामाचं वर्कशॉप होतं. व्याज कमी पडतं म्हणून परकीय चलनात कर्ज घ्या, असा सल्ला त्याला मिळाला होता, आणि तो सल्ला तेव्हा हजारोंना मिळाला होता. मार्क्का पडला तसं कर्ज रात्रीत वाढलं. यंत्रं गेली, मग घर गेलं. त्या अवमूल्यनाची बातमी भावाने आमच्याच घरी, या दिवाणखान्यात ऐकली. टक्केवारी सांगून झाली आणि पुढची बातमी सुरू झाली. भाऊ उठला, कोट घातला आणि चालायला गेला. उक्की म्हणतात, “कोणीतरी मला धीर देण्याचं नाटक केलं असतं तर मी टीव्ही फोडला असता. त्याने आकडा सांगितला. आकडा खरा होता. त्यावर उभं राहून पुढचं ठरवता आलं.”

समुद्राच्या पलीकडची गोष्ट मला माझ्या जावेच्या आईकडून कळली. त्या तालिनच्या. हेलसिंकी आणि तालिन यांच्यामध्ये फिनलंडच्या आखाताचं सुमारे ऐंशी किलोमीटर पाणी आहे. एस्टोनिया सोव्हिएत संघात असताना तिथल्या माणसाला ते ओलांडणं सोपं नव्हतं, पण टीव्हीच्या लहरींना ओलांडता येत होतं. १९७१ मध्ये एस्पोला उंच मनोरा उभा राहिला आणि उत्तर एस्टोनियात चित्र आणखी स्वच्छ दिसू लागलं. अडचण आवाजाची होती. दोन्ही देशांची ध्वनीची वारंवारता वेगळी, त्यामुळे सोव्हिएत टीव्हीवर फिनिश चित्र दिसे, पण मुकं. मग हुशार तंत्रज्ञ एक छोटा जोडभाग बनवून आत बसवून देऊ लागले. त्याला लोक ‘फिनिश ब्लॉक’ म्हणत. पुढच्या आठवड्याचे कार्यक्रम हाताने उतरवून किंवा टंकलेखन करून एकमेकांत फिरत. लहान मुलं शाळेत न शिकवताच फिनिश शिकली, कारण ती एस्टोनियनची बहीणभाषा आणि पडद्यावर रोज ऐकू येणारी. दक्षिणेकडच्या तार्तूच्या लोकांना हे सुख नव्हतं. तिथवर लहरी पोचत नसत.

जावेच्या आई सांगतात त्यातला एक तपशील मला फार मोलाचा वाटतो. तालिनची घड्याळं तेव्हा मॉस्कोच्या वेळेवर चालत, हेलसिंकीच्या एक तास पुढे. मॉस्कोचं ‘व्रेम्या’ हे बातमीपत्र रात्री नऊला लागे. ते आटोपेपर्यंत साडेनऊ होत, आणि हेलसिंकीत तेव्हा वाजलेले असत साडेआठ. म्हणजे एक बटण फिरवलं की त्याच दिवसाच्या दुसऱ्या बातम्या. त्यांचे वडील दोन्ही पाहत, कोणतंही एक चुकवत नसत. पहिल्यात पिकांचं उत्पादन, कारखान्यांची उद्दिष्टं, नेत्यांची भाषणं. दुसऱ्यात संप, महागाई, संसदेतली भांडणं, स्वतःच्या सरकारवरची टीका. “आमच्या बातम्यांत आमच्या देशात काहीच बिघडत नसे,” त्या म्हणतात. “पलीकडच्या बातम्यांत रोज काहीतरी बिघडलेलं असायचं. म्हणून वडील म्हणायचे, तो सांगतोय तो देश खरा आहे.” शांतपणे स्वतःच्या देशातल्या चुका वाचून दाखवणारा तो माणूस त्यांच्या घरात लिंद याच नावाने ओळखला जाई, आडनावाने, पाहुण्यासारखा.

२८ सप्टेंबर १९९४ च्या मध्यरात्रीनंतर तालिनहून स्टॉकहोमला निघालेलं ‘एस्टोनिया’ जहाज वादळात बुडालं. ८५२ माणसं गेली, १३७ वाचली. बचावाच्या कामात फिनलंडची हेलिकॉप्टरं आणि तिथून जाणारी प्रवासी जहाजं होती. त्या दिवशी आमच्या वाल्केआकोस्कीच्या घरात आणि तालिनच्या त्या घरात पुन्हा एकाच वाहिनीकडे डोळे लागले होते. एस्टोनियाचं स्वातंत्र्य तेव्हा जेमतेम तीन वर्षांचं होतं, स्वतःची मोकळी वार्तापत्रं होती, तरीही जावेच्या आईंनी सवयीने हेलसिंकी लावलं. आकडा अनेकदा बदलला, आणि प्रत्येक वेळी कोणत्या आकड्याची खात्री झाली आहे आणि कोणत्याची नाही, हे वेगळं सांगितलं गेलं, एवढंच त्यांना आठवतं. त्यांच्या शेजारची एक मुलगी त्या जहाजावर कामाला होती. त्याबद्दल त्या बोलत नाहीत, आणि मीही विचारत नाही.

या सगळ्याला आक्षेप आहे तो माझ्या आतेसासूबाईंचा. उक्कींच्या या बहीण शाळेत रसायनशास्त्र शिकवायच्या. त्यांचं म्हणणं टाळून मला हा लेख लिहिता येणार नाही.

त्या आठवण देतात ती ऊर्हो केक्कोनेन यांच्या काळाची. ते १९५६ पासून पाव शतक राष्ट्राध्यक्ष होते. १९४८ च्या मैत्रीकरारानंतर पूर्वेकडच्या शेजाऱ्याला दुखवायचं नाही ही सावधगिरी इतकी मुरली की वर्तमानपत्रं, प्रकाशक, यूले सगळेच बोलण्याआधी स्वतःला आवरत. मग २६ एप्रिल १९८६ ला चेर्नोबिल झालं. वाढलेला किरणोत्सर्ग फिनलंडमध्ये लगेचच मोजला गेला होता. पण अधिकारी बोलायला कचरले, त्यात सरकारी नोकरांचा संप चालू, आणि लोकांना कळेपर्यंत स्वीडनने जगाला सांगून टाकलं होतं. फिनलंडमध्ये सर्वाधिक किरणोत्सर्गी पाऊस पडलेल्या भागांत आमचा हा ताम्पेरेभोवतीचा प्रदेशही येतो. आतेसासूबाई त्या दिवसांत वर्गातल्या मुलांना घेऊन सहलीला जंगलात गेल्या होत्या. मुलं ओल्या शेवाळावर लोळली. ते त्या स्वतःला माफ करत नाहीत, आणि माहीत असूनही जे बोलले नाहीत त्यांनाही. आमच्याकडच्या जंगली अळंब्यांत सीझियम अजून सापडतं. त्या उकळून, पाणी ओतून देऊन मगच खायच्या, हे घरात मला पहिल्यांदा त्यांनीच शिकवलं.

उक्की म्हणतात, यात लिंद यांचा काय दोष? जी बातमी खोलीत आलीच नाही ती वाचणार कशी? आतेसासूबाई म्हणतात, दोष त्यांचा नाही, म्हणूनच मला जास्त राग येतो. इतका विश्वासाचा आवाज हाताशी होता आणि त्याला द्यायला हवं ते दिलं नाही. हा वाद मी कित्येकदा ऐकला आहे. सुरुवातीला मला उक्कींचं पटायचं. आता आतेसासूबाईंचं पटतं, आणि ते पटूनही लिंद यांच्याबद्दलचा माझा आदर कमी होत नाही. वाचणाऱ्याने आपलं काम चोख केलं तरी त्याच्यामागच्या खोल्यांना प्रश्न विचारत राहावं लागतं, आणि आतेसासूबाईंनी ते सोडलं नाही. चेर्नोबिलनंतर त्यांनी अधिकाऱ्यांना पत्रं लिहिली, शाळेसाठी मोजमापाचं यंत्र मिळवलं, पुढच्या प्रत्येक वर्गाला ते वापरायला शिकवलं.

२००३ मध्ये लिंद निवृत्त झाले. मार्क्का जाऊन युरो आला होता, राष्ट्राध्यक्षपदी पहिल्यांदाच एक स्त्री, तार्या हालोनेन, होत्या, एस्टोनिया युरोपीय संघाच्या दारात उभा होता. टीव्हीचा परवाना घ्यायची पद्धत पुढे गेली आणि २०१३ पासून यूलेसाठी वेगळा कर भरावा लागू लागला. आतेसासूबाई तो कर आनंदाने भरतात, कारण पैसे भरणाऱ्याला जाब विचारता येतो, असं त्यांचं म्हणणं. बातम्यांवर लोकांचा किती विश्वास आहे याची देशोदेशीची पाहणी रॉयटर्स इन्स्टिट्यूट दरवर्षी करतं. २०२३ मध्ये फिनलंड त्यात ६९ टक्क्यांसह सर्वांत वर होता. मी तो आकडा जेवताना सांगितला. उक्की खूश झाले. आतेसासूबाईंनी पहिला प्रश्न विचारला तो असा, की माणसं किती विचारली आणि प्रश्न नेमका काय होता.