गौलीगुड्याजवळची चिंच आणि मुसीचा पूर

काळाच्या चालीने चालणारी वनस्पती म्हटली की सुश्रुतसंहितेतला सोम आठवतो. शुक्ल पक्षात त्याला रोज एक पान फुटतं, पौर्णिमेला पंधरा पानं होतात आणि कृष्ण पक्षात रोज एक गळत अमावास्येला नुसती वेल उरते, असं तिथलं वर्णन. ही वेल आजवर कुणी खात्रीने दाखवलेली नाही. पण हैदराबादेत गौलीगुड्यापासून पायी जाण्याच्या अंतरावर, उस्मानिया रुग्णालयाच्या आवारात एक चिंच उभी आहे आणि शहराच्या आठवणीतला एक दिवस तिने अजून पुसू दिलेला नाही. जुनं, पूजनीय झाड एवढ्यावरच तिची ओळख थांबते. पण माझ्या मते ती मुसी नदीच्या पुराचा, कागदाइतकाच मोलाचा पुरावा आहे.

२८ सप्टेंबर १९०८ रोजी मुसीने काठ सोडला. वरच्या पाणलोटातली २२१ तळी अतिवृष्टीने फुटली आणि एकावर एक लोंढे येत गेले. अफजल, मुसल्लमजंग आणि चादरघाट हे पूल गेले, काठावरच्या वस्त्या वाहून गेल्या आणि सुमारे १५ हजार माणसं दगावली. उर्दू कवी अमजद हैदराबादी यांनी त्या पुरात आई, पत्नी आणि मुलगी गमावली. त्या वेळच्या अफजल पार्कमधल्या या चिंचेवर चढून बसलेली सुमारे दीडशे माणसं तेवढी वाचली, असं शहर पिढ्यान्‌पिढ्या सांगत आलं आहे. चिंचेची जात पाहिली तर हे नवल वाटत नाही. तिचं मूळ खोल जातं, मोठ्या फांद्या खालूनच फुटतात आणि लाकूड इतकं चिवट, की तेलाचे घाणे आणि मुसळं त्याचीच करत. भिंती ढासळत असताना आधार द्यायला याहून लायक झाड मिळणं कठीण.

यावर इतिहासाचा अभ्यासक हरकत घेईल, आणि ती रास्तच आहे. दीडशे हा आकडा परंपरेचा आहे. झाड चारशे वर्षांचं असल्याचं सांगतात, पण चिंचेच्या लाकडात सागासारखी ठळक वर्षवलयं उमटत नाहीत, म्हणून तिचं वय मोजून काढणं अवघड. हे सगळं मान्य केलं तरी या साक्षीचा गाभा शाबूत राहतो. माणसं शंभर होती की दोनशे, यावर वाद घालता येईल. पण या जागी जमिनीवर उभं राहून जीव वाचत नव्हता, हे त्या आठवणीतून स्पष्ट कळतं. अहवालातला आकडा दप्तरात जातो, पण झाड जिथे घटना घडली तिथेच राहतं आणि ‘इथपर्यंत नदी येते’ हे जागेवरच दाखवतं. याच परिसरात १९३०च्या सुमाराचं लोखंडी छत गौलीगुड्याच्या जुन्या बसस्थानकावर होतं. ५ जुलै २०१८ रोजी ते कोसळलं. चिंच उभी आहे.

दुसरी हरकत अधिक वजनदार आहे. पुरानंतर निजामाने विश्वेश्वरय्यांना बोलावलं. खडकवासल्याला स्वयंचलित दरवाजे बसवणारे हेच अभियंते. त्यांच्या योजनेतून १९२० साली उस्मानसागर आणि १९२७ साली हिमायतसागर उभे राहिले. मग पुराच्या खुणा जपायच्या कशाला? या धरणांनी असंख्य जीव वाचवले, यात शंका नाही. पण धरणाला पाणी सोडावंच लागतं. २६ सप्टेंबर २०२५च्या रात्री वरून सोडलेलं पाणी गौलीगुड्याच्या महात्मा गांधी बसस्थानकात शिरलं आणि अडकलेल्या प्रवाशांना बाहेर काढावं लागलं. १९९४ पासून नदीच्या पात्रालगत चालू असलेल्या या स्थानकाला लोक इमलीबन, म्हणजे चिंचेचं बन, म्हणतात. तारखाही पाहा: दोन्ही पूर सप्टेंबरच्या अखेरचे, सरत्या पावसाळ्यातले. भूमी भिजलेली, तळी भरलेली आणि वरून आणखी पाऊस, हे गणित ११७ वर्षांत बदललेलं नाही. बदलली ती काठाशी वागण्याची आपली रीत. मोकळी जागा दिसली की आपण ती नदीची न मानता आपली मानू लागलो.

दरवर्षी २८ सप्टेंबरला नागरिक या चिंचेखाली जमतात आणि मृतांना आदरांजली वाहतात. त्यांनी हे व्रत सोडू नये. सरकारने मात्र त्यापुढे जाऊन १९०८ आणि २०२५ या दोन्ही वर्षांच्या पाण्याच्या पातळ्या चिंचेशेजारी आणि बसस्थानकात दगडावर कोरून ठेवाव्यात, आणि त्या रेषांच्या खाली नवं बांधकाम होऊ देऊ नये. नांदेड, लातूर, सोलापूरहून एसटीने येणारा मराठी माणूस इथेच उतरतो. त्याने सवड काढून ती चिंच पाहावी आणि आपल्या गावच्या नदीकाठी अशी कोणती खूण उरली आहे, याचीही चौकशी करावी.