काळी, पांढरी आणि चावर

हिंजवडीच्या शिवारात आज जमिनीचा व्यवहार गुंठ्याने होतो. चाळीस गुंठ्यांचा एकर हे माप इंग्रजी अमदानीतील मोजणीने रुजविले. त्यापूर्वी मावळप्रांती बिघा व चावर यांचीच भाषा होती. शिवकालीन काठी पाच हात पाच मुठींची. वीस चौरस काठ्यांचे एक पांड, वीस पांडांचा बिघा आणि १२० बिघ्यांचा चावर. तेव्हा जुन्या कागदात ‘नीम चावर’ आढळल्यास तो लहानसा तुकडा समजू नये. ते साठ बिघे होत.

मापांहूनही आम्हांस मोलाचे वाटतात ते माणसांचे शब्द. पिकाची जमीन ती काळी, वस्तीची ती पांढरी. पुढे पांढरी म्हणजे सारा गावच. वंशपरंपरेचा हक्कदार तो मिरासदार वा थळकरी, बाहेरून येऊन कसणारा तो उपरी. तंटा पडला की गोत बसे व निवाड्याचा महजर होई. त्यावर पाटलाचा नांगर, न्हाव्याचा आरसा अशा निशाण्या उमटत. अक्षरशून्याची साक्षही तेथे साक्षच होती.

कुलकर्णी वतने १९५० च्या, तर पाटीलकी १९६२ च्या कायद्याने संपली. त्याचा खेद नाही. परंतु जमीन विकली गेली की पेटीतील मोडी कागद रद्दी ठरतात, याचा आहे. ज्ञातिबांधवांनी ते टाकण्यापूर्वी मोडी जाणणाऱ्यास अवश्य दाखवावेत. १९१० साली स्थापन झालेले भारत इतिहास संशोधक मंडळ पुण्यातच आहे.