रेतीची गाडी जप्त झाली, पण नदी कोणाची?

शहापूर आणि मुरबाड म्हणजे भातसा, काळू, शाई या नद्यांचा मुलूख. भातसा, तानसा, मोडकसागर, मध्य वैतरणा ही धरणे मुंबईची तहान भागवतात आणि शहापूरच्या पाड्यांवर उन्हाळ्यात टँकर येतो. याच नद्यांच्या पात्रातून चोरून रेती उपसली जाते. रात्री गाडी पकडली की पंचनामा होतो, दंड बसतो आणि प्रकरण कोर्टात जाते. या भांडणात सरकार आणि गाडीमालक असे दोनच पक्ष दिसतात. नदीकाठचा आदिवासी आणि बौद्धवाड्यातला ड्रायव्हर कुठेच दिसत नाही. म्हणून हा इतिहास आम्हाला सांगावासा वाटतो.

इंग्रजांनी १८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्यात नद्या आणि त्यांची पात्रे सरकारी मालमत्ता ठरवली. स्वातंत्र्यानंतर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ आली. तिच्या कलम २० ने तीच मालकी राज्याकडे ठेवली. गोरा साहेब गेला, पण नदी गावाकडे परत आली नाही.

याच संहितेचे कलम ४८ गौण खनिजाबद्दल आहे. मूळ कलमात जिल्हाधिकाऱ्याला बेकायदा काढलेले खनिज जप्त करता येत होते, वाहनाचा उल्लेख नव्हता. साहजिकच पहिला कायदेशीर सवाल हाच होता : रेती जप्त करा, पण गाडी कोणत्या अधिकाराने? पुढे दुरुस्ती झाली. आता जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकृत केलेला, तहसीलदाराहून खालच्या दर्जाचा नसलेला महसूल अधिकारी गाडीही जप्त करू शकतो. खनिजाच्या बाजारभावाच्या पाच पटीपर्यंत दंड होतो. गाडी सोडवायची तर जातमुचलका आणि वेगळा दंड भरावा लागतो. जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेप्रमाणे तो ट्रॅक्टरला १ लाख, डंपरला २ लाख आणि पोकलेनला साडेसात लाख रुपये आहे.

पण अधिकारासोबत बंधनही आले. जप्त वाहन ४८ तासांत सक्षम अधिकाऱ्यापुढे हजर करावे लागते. म्हणून जप्तीला आव्हान देताना नेमके हेच विचारायचे : जप्ती करणारा सक्षम होता का? मुदत पाळली का? म्हणणे ऐकून लेखी, कारणासहित आदेश दिला का? तहसीलदाराच्या आदेशावर कलम २४७ खाली प्रांताकडे अपील करता येते, मुदत ६० दिवसांची. त्यानंतर उच्च न्यायालयाचे अनुच्छेद २२६ आहेच.

फौजदारी वाट निराळी आहे. २०१४ च्या संजय प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की खाण कायदा असला तरी रेतीचोरीबद्दल चोरीचा गुन्हाही चालू शकतो. तर सुंदरभाई अंबालाल देसाई या २००२ च्या निकालाने बजावले की जप्त वाहने पोलीस ठाण्यात वर्षानुवर्षे सडवू नका, योग्य हमी घेऊन सोडा.

मग आम्ही गाडीमालकांच्या बाजूने आहोत का? मुळीच नाही. ज्याच्याकडे वकील आहे, पैसा आहे, तो दंड भरून गाडी सोडवतो आणि पुन्हा पात्रात उतरवतो. दिवसाच्या मजुरीवर गाडी चालवणारा पोरगा मात्र गुन्ह्यात अडकतो. प्रक्रियेचे संरक्षण सगळ्यांना आहे, पण ते विकत घेण्याची ऐपत सगळ्यांना नाही. संविधानाने दिलेली समता इथे तहसील कचेरीच्या पायरीवरच अडते.

आणखी एक गोष्ट कोणी बोलत नाही. शहापूर तालुका पूर्ण आणि मुरबाडचा काही भाग अनुसूचित क्षेत्र आहे. १९९६ चा पेसा कायदा म्हणतो की गौण खनिजाचा परवाना किंवा लिलाव ग्रामसभेच्या किंवा योग्य स्तरावरील पंचायतीच्या पूर्वशिफारशीशिवाय देता येत नाही. महाराष्ट्राचे पेसा नियम २०१४ चे आहेत. म्हणजे चोरीच्या रेतीइतकाच प्रश्न परवान्याच्या रेतीचाही आहे. लिलावाआधी किती ग्रामसभांना खरोखर विचारले?

बाबासाहेबांनी १९२७ साली महाडला चवदार तळ्याचे पाणी हातात घेतले ते केवळ तहान भागवण्यासाठी नाही. सार्वजनिक पाण्यावर माणूस म्हणून आपला हक्क आहे, हे सिद्ध करण्यासाठी घेतले. नदीच्या रेतीचा प्रश्नही हक्काचाच आहे.

तेव्हा कार्यकर्त्यांनो, जप्त गाड्यांची यादी, वसूल दंड आणि ग्रामसभेचे ठराव माहिती अधिकारात मागा. अटक झालेल्या ड्रायव्हरला मोफत विधी सेवा प्राधिकरणाचा वकील मिळवून द्या. आणि ग्रामसभेला जाऊन बसा. गाडी सुटली की अडकली यापेक्षा नदीचा निर्णय कोण घेतो, हे महत्त्वाचे आहे.

जय भीम!